हातभर अंतरावरचा एकटेपणा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. लग्नाला आठ वर्षं झाली. दोघंही नोकरी करता. नवरा शांत, निर्व्यसनी, घरकामाला हात लावणारा. मोठं भांडण कधी झालं नाही. तरी रात्री दिवा मालवल्यावर, तो हातभर अंतरावर झोपलेला असताना, दिवसभरात सगळ्यात जास्त एकटं तेव्हाच वाटतं. कित्येक महिने शरीरसंबंध नाही. ऑफिसमधल्या एका सहकाऱ्याशी मेसेजवर जे बोलता, ते नवऱ्याशी बोलता येत नाही, आणि त्याची मनाला टोचणी लागली आहे. शेवटी विचारलंय, ‘सगळं चांगलं असूनही असं वाटतं, म्हणजे माझ्यातच काही खोट आहे का?’

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. नाही, तुमच्यात खोट नाही. गेली बावीस वर्षं मी जोडप्यांसोबत काम करते आहे आणि तुम्ही लिहिलेलं रात्रीचं वर्णन मी इतक्या जणांच्या तोंडून ऐकलंय, बायकांच्या आणि पुरुषांच्याही, की त्याला दोष म्हणायला माझं मन तयार होत नाही. एकटेपणावर अनेक वर्षं संशोधन केलेले मानसशास्त्रज्ञ जॉन कासिओपो त्याची तुलना भूक आणि तहान यांच्याशी करायचे. पोटात कावळे ओरडायला लागले की शरीर काहीतरी मागतंय हे आपल्याला कळतं आणि त्याची आपल्याला लाज वाटत नाही. एकटेपणाही तसाच काहीतरी मागतो. प्रश्न इतकाच, की तो नेमकं काय मागतोय?

रॉबर्ट वाइस या समाजशास्त्रज्ञांनी 1973 मध्ये एक फरक मांडला, तो मला आजही रोज उपयोगी पडतो. एक एकटेपणा असतो गोतावळा नसल्याचा. मित्र नाहीत, शेजार नाही, आपण कुठल्याच घोळक्यातले नाही. दुसरा असतो मनातलं माणूस नसल्याचा. हे दोन्ही एकमेकांची भरपाई करू शकत नाहीत, हे त्यांचं म्हणणं महत्त्वाचं. भरल्या मैफलीत बसूनही दुसरा एकटेपणा जात नाही, आणि उत्तम जोडीदार असला तरी पहिला उरतोच. तुमच्या लिहिण्यावरून मला दोन्ही दिसतात. पण रात्री बोचणारा दुसरा आहे, म्हणून त्यावर जास्त लिहिते.

एक प्रसंग सांगते. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत. एक जोडपं माझ्यासमोर सोफ्यावर बसलं होतं, दोघांच्या मध्ये तिची पर्स. दोघांचंही म्हणणं एकच, ‘आम्ही रूममेट झालोय.’ मी म्हटलं, गेल्या आठवड्यातली कुठलीही एक गोष्ट एकमेकांना सांगा, जी दुसऱ्याला माहीत नाही. तो म्हणाला, तसं विशेष काही नाही. ती जरा वेळाने म्हणाली, ‘मंगळवारी मी लिफ्टमध्ये अडकले होते. वीस मिनिटं. दिवाही गेला होता.’

तो चमकला. ‘मला बोलली नाहीस.’

‘घरात शिरल्या शिरल्या म्हटलं होतं, आज काय झालं माहितेय का. तू म्हणालास, थांब, हे बिल भरू दे.’

‘मग नंतर सांगायचंस.’

‘तू नंतर विचारलं नाहीस.’

बराच वेळ कुणी बोललं नाही. मग तो खालच्या आवाजात म्हणाला, ‘मला वाटलं, तुला सांगायचं असतं तर तू सांगितलं असतंस.’ आणि त्याच बैठकीत पुढे हळूहळू त्याचंही बाहेर आलं. त्याच्या हाताखालची टीम काढून घेतली होती, तीन आठवडे झाले होते. पहिल्याच दिवशी त्याने घरी येऊन ‘आज ऑफिसात जरा गंमतच झाली’ अशी सुरुवात केली होती. तिने विचारलं होतं, ‘कपाटाची चावी कुठे ठेवलीस?’ त्याने चावी शोधून दिली आणि विषय मनात मिटवून टाकला.

दोघांपैकी कुणीही वाईट वागलेलं नाही. बिल भरायचं होतं, चावी हवी होती. पण दोघांनीही हाक मारली होती आणि दोघांच्याही हाकेला ओ मिळाली नव्हती.

मी याच शब्दांत विचार करते, हाक आणि ओ. ‘बघ ना, पाऊस काय लागलाय,’ ही हाक असते. ‘मान आखडली आज,’ ही हाक असते. नुसता सोडलेला उसासाही हाक असतो. पावसाची माहिती दिली जात नसते. ‘आहेस ना इथे?’ एवढंच विचारलेलं असतं. मानसशास्त्रज्ञ जॉन गॉटमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नवविवाहित जोडप्यांचं घरासारख्या प्रयोगशाळेत निरीक्षण केलं आणि सहा वर्षांनी त्यांची पुन्हा विचारपूस केली. जी जोडपी एकत्र टिकली होती, ती सुरुवातीच्या काळात अशा हाकांना सुमारे 86 टक्के वेळा ओ देत होती. जी विभक्त झाली, ती सुमारे 33 टक्के वेळा. अशा निरीक्षणातून कारण सिद्ध होत नाही हे खरं. नातं आधीच आटत असेल तर ओ आपोआपच कमी होते. तरी माझ्या खोलीत मी जे रोज पाहते त्याच्याशी हे तंतोतंत जुळतं. विभक्त झालेल्यांचा आकडा शून्य नाही, हेही बघा. ओ अधूनमधून मिळतच असते. त्यामुळेच नक्की काय हरवलंय ते कळायला वर्षं जातात.

हाकेला ओ न मिळण्याची पहिली वेळ कुणाला आठवत नाही. पुढे माणूस हाक लहान करतो. मग मारायचीच सोडतो. यात रुसवा नसतो, स्वतःला जपणं असतं. रोज दार ठोठावून रिकाम्या हाताने परतण्यापेक्षा त्या दारावरून न गेलेलं बरं, असं मन ठरवतं. काही घरांत एक जण तक्रारीच्या सुरात हाक मारत राहतो, ‘तू कधी बोलतच नाहीस,’ आणि दुसरा जितकं ऐकतो तितका आत जातो, कारण त्याला त्यात ‘तू नापास’ एवढंच ऐकू येतं. एकाचा पाठलाग, दुसऱ्याची माघार. अशी जोडपी दमतात, पण निदान आवाज तरी होत असतो. तुमच्या घरी दोघांनीही माघार घेतलेली दिसते. ‘मोठं भांडण कधी झालं नाही,’ हे तुम्ही जमेची बाजू म्हणून लिहिलंय. मला तुमच्या पत्रातल्या सगळ्या वाक्यांत त्याच वाक्याने जास्त काळजी वाटली. आठ वर्षांत दोन माणसांना एकमेकांचा राग येतोच. तो कुठे गेला?

आणखी एक गोष्ट इथे घडते, ती समजून घ्या. बरेच दिवस एकटं वाटत राहिलं की मन सावध होतं, धोका हुंगायला लागतं. नवऱ्याने ‘हं’ म्हटलं की त्यात कंटाळा ऐकू येतो. तो पाठ करून झोपला की त्यात नकार दिसतो. कदाचित त्याचा खांदा दुखत असेल. एकटेपणावरच्या निरनिराळ्या उपायांची 2011 मध्ये एकत्रित तुलना झाली. त्यात लोकांना नुसतं एकत्र आणण्यापेक्षा दुसऱ्याच्या वागण्याचा आपण लावलेला अर्थ तपासून पाहायला शिकवणं जास्त उपयोगी ठरलं. म्हणून माझी पहिली विनंती फार साधी आहे. पुढचे दहा दिवस त्याच्या हाका मोजा. त्याला सांगू नका. तो दिवसभरात काय काय दाखवतो, म्हणतो, पुढे करतो, फॉरवर्ड करतो, एवढंच पाहा. तुम्ही ओ दिली का, हेही प्रामाणिकपणे पाहा. हे काम मी ज्यांना ज्यांना दिलं, त्यांतले बरेच जण दहा दिवसांनी जरा गप्प होऊन आले. त्यांना वाटत होतं त्यापेक्षा हाका जास्त होत्या, वेगळ्या भाषेत. कुणी न सांगता गाडीत हवा भरून आणतो. कुणी मोबाइल चार्जिंगला लावून ठेवतो. हे प्रेम आहे म्हणून तुम्ही समाधान माना, असं मी म्हणत नाही. शब्दांची गरज हवा भरून भागत नाही. पण दार पूर्ण बंद आहे की किलकिलं, हे बोलायला बसण्याआधी माहीत असावं.

दुःखाच्या हाकेइतकीच आनंदाची हाकही महत्त्वाची असते. मानसशास्त्रज्ञ शेली गेबल यांचं काम या विषयावर आहे. जोडीदाराच्या चांगल्या बातमीला आपण कसा प्रतिसाद देतो, याचा नात्याच्या समाधानाशी घट्ट संबंध त्यांना आढळला. ‘अरे वा, छान,’ म्हणून पुन्हा फोनमध्ये डोकं घातलं, की सांगणाऱ्याचा आनंद तिथेच विझतो. ‘खरंच? काय म्हणाले ते? तुला काय वाटलं तेव्हा?’ असे दोन प्रश्न विचारायला अर्धा मिनिट लागतो.

आता शरीराकडे येते, कारण ते तुम्ही एका ओळीत उरकलंय आणि ते एका ओळीचं नाही.

शरीरसंबंध थांबतात तेव्हा त्याआधी बहुधा साधा स्पर्श थांबलेला असतो. तिला कुशीत शिरावंसं वाटतं, पण ‘याला वाटेल मला पुढचंही हवंय’ म्हणून ती शिरत नाही. त्याला हात पुढे करावासा वाटतो, पण मागच्या दोन वेळचा नकार आठवून तो करत नाही. प्रत्येक स्पर्श एक प्रश्न होऊन बसतो आणि उत्तर द्यायचं नको म्हणून दोघंही गादीच्या आपापल्या कडेला सरकतात. नुसता डोक्यावरून फिरलेला हात, जाताजाता खांद्याला लागलेली बोटं, सगळंच जातं. माझ्याकडे येणारी माणसं ‘सेक्स नाही’ असं सांगतात, आणि दहा मिनिटांनी रडतात ती ‘मला कुणी जवळच घेत नाही’ म्हणून.

यावर मास्टर्स आणि जॉन्सन या लैंगिकतेवर संशोधन करणाऱ्या जोडीने 1970 मध्ये मांडलेली पद्धत अजूनही वापरली जाते, मीही वापरते. काही आठवडे संभोग दोघांच्या संमतीने बाजूला ठेवायचा. ठरवून, स्पष्ट बोलून. आठवड्यातून दोनदा पंधरा-वीस मिनिटं एकाने स्पर्श करायचा, दुसऱ्याने फक्त अनुभवायचा, मग अदलाबदल. सुरुवातीला छाती आणि जननेंद्रियं वगळून पाठ, हात, तळवे, केस, पाय. बोलायचं ते एवढंच, कुठे बरं वाटतंय, कुठे हलका हात हवाय. कुठेही पोचायचं नसतं, त्यामुळे नापास कुणी होत नाही. पहिल्या वेळी अवघडल्यासारखं होतं, हसू येतं, कधी डोळे भरून येतात. येऊ द्या.

‘मला इच्छाच होत नाही,’ असंही वाटत असेल तर रोझमेरी बॅसन या डॉक्टरांनी 2000 मध्ये मांडलेलं एक निरीक्षण सांगते. सगळ्यांची कामेच्छा आधी जागी होऊन मग जवळीक मागते असं नसतं. दीर्घकाळच्या नात्यात पुष्कळांची, विशेषतः स्त्रियांची, इच्छा नंतर येते; सुरक्षित, निवांत जवळीक मिळाली, शरीराला बरं वाटायला लागलं, की मागाहून जागी होते. ज्यांना हे माहीत नसतं ते इच्छेची वाट बघत वर्षं काढतात आणि स्वतःला थंड ठरवून मोकळे होतात. मात्र याचा अर्थ नको असताना सोसायचं असा कुणी लावू नये. नको म्हणजे नको, आणि ‘नको’ सुखाने म्हणता येतं तिथेच ‘हवं’ उगवतं.

यात वैद्यकीय बाजूही तपासून घ्या. थायरॉइड, मधुमेह, नैराश्यावरची काही औषधं, रक्तदाबाची काही औषधं, बाळंतपणानंतरचे आणि पाळी जाण्याच्या सुमाराचे बदल, संबंधाच्या वेळी दुखणं, यांतलं काहीही इच्छा मारू शकतं. पुरुषाला ताठरतेची अडचण येत असेल तर लाजून गप्प बसणं धोक्याचं आहे. ती कधी कधी हृदयविकाराची आगाऊ सूचना असते. वर्षानुवर्षं ‘त्याचं माझ्यावर प्रेम उरलं नाही’ असं समजून रडलेली बाई आणि डॉक्टरकडे जायला लाजलेला नवरा, हे मी एकापेक्षा जास्त वेळा पाहिलंय.

सहकाऱ्याबद्दल. तुम्ही काही पाप केलेलं नाही, पण ते निरुपद्रवी आहे असंही मी म्हणणार नाही. तिथे बोलणं सोपं जातं याचं एक कारण म्हणजे त्याच्याशी तुमचं कुठलंच थकलेलं देणं नाही. हप्ते नाहीत, आजारपणं नाहीत, आठ वर्षांत न बोललेला राग नाही. तुम्हीही त्याला तुमची निवडलेली बाजू दाखवता, तोही तेच करतो. मी अशा वेळी एक गोष्ट करायला सांगते. तीन दिवस त्याला पाठवलेले मेसेज रात्री शांतपणे वाचा आणि प्रत्येकाखाली मनातल्या मनात लिहा, ‘इथे मला काय मिळालं?’ कौतुक, कुतूहल, ‘जेवलीस का’ची विचारपूस, स्त्री म्हणून कुणीतरी पाहणं, जे असेल ते. ही यादी तुमच्या भुकेची आहे आणि ती नवऱ्यापर्यंत पोचायला हवी. नवऱ्याने ते मेसेज वाचले तर पोटात गोळा येईल असं वाटत असेल, तर निदान रात्रीचं बोलणं आत्ताच थांबवा. नैतिकतेच्या धाकाने सांगत नाही. रोज रात्री तिथे थोडं पोट भरत राहिलं, तर नवऱ्याजवळ मागण्याइतकी भूक उरत नाही, आणि मागितलंच नाही तर या नात्यात अजून काय शिल्लक आहे ते तुम्हाला कधीच कळणार नाही.

गोतावळ्याबद्दल थोडंच. नोकऱ्या बदलल्या, घरं बदलली, प्रवासात दिवस गेला, मैत्रिणी वाढदिवसाच्या शुभेच्छांपुरत्या उरल्या. आणि मग आधी दहा माणसांत वाटलेलं सगळं एकट्या जोडीदाराकडून अपेक्षित धरलं जातं. तो मित्र, सल्लागार, प्रियकर, सहपालक, श्रोता. कुणालाही हे झेपत नाही, तुम्हालाही त्याच्यासाठी झेपणार नाही. कॅन्सस विद्यापीठातल्या जेफ्री हॉल यांनी 2018 मध्ये दाखवलं, की ओळखीच्या माणसाशी साधी मैत्री व्हायला साधारण 50 तास सोबत लागते आणि जिवलग व्हायला 200 तासांहून जास्त. हे तास ‘एकदा भेटू गं’ म्हणून जमत नाहीत. ठरलेला वार, ठरलेली वेळ लागते. जुन्या एका मैत्रिणीपासून सुरू करा. तिच्याबरोबरचे तास आधीच जमा आहेत.

आता बोलायचं कसं. समोरासमोर बसून ‘मला तुझ्याशी बोलायचंय’ म्हणू नका, कुणाच्याही छातीत धस्स होतं. शेजारी शेजारी चालताना किंवा गाडीत बोला. डोळ्याला डोळा नसला की अवघड गोष्टी सोप्या जातात. आणि सुरुवात तक्रारीने करू नका. ‘तू कधी लक्षच देत नाहीस’ यात तुमची ओढ कुठेच दिसत नाही, फक्त त्याचा गुन्हा दिसतो. मला माझ्याकडे आलेल्या एका नवऱ्याचं वाक्य आठवतं. अत्यंत अबोल माणूस. खूप वेळ बोटं मोडत बसला आणि मग बायकोला म्हणाला, ‘तू घरात असतेस तेव्हासुद्धा मला तुझी आठवण येते.’ ती त्याच्याकडे बघतच राहिली. सहा वर्षं ती समजत होती की त्याला तिची गरज नाही.

तुम्हाला तुमचे शब्द सापडतील. एकच इच्छा मागा, छोटी आणि करता येण्याजोगी. ‘झोपण्याआधी दहा मिनिटं फोन बाहेर ठेवून नुसतं पडून राहू या का?’ त्या दहा मिनिटांत बिलं, कामवाली, उद्याची कामं यांना बंदी. बोलताना कुणाचंही डोकं तापलं, छाती धडधडायला लागली, तर निदान वीस मिनिटं थांबा आणि परत कधी बोलायचं ते सांगून थांबा. न सांगता उठून जाणं आणि थांबणं यात फार अंतर आहे.

काही परिस्थितींत मात्र वरचं काहीच करू नये. नवऱ्याची भीती वाटत असेल, तो पैसे, फोन, येणंजाणं यांवर पहारा ठेवत असेल, हात उचलत असेल, जबरदस्ती करत असेल, तर ओ देण्याचा प्रश्नच नाही. आधी विश्वासातल्या माणसाला सांगून स्वतःची सुरक्षितता पाहायची. आणि दोन आठवड्यांहून जास्त काळ झोप, भूक, कामातलं लक्ष उडालं असेल, कशातच रस वाटत नसेल, तर नात्याच्या आधी नैराश्यासाठी डॉक्टरांना भेटा. जगणं नको असं मनात येत असेल तर आजच, हे वाचून झाल्यावर लगेच, जवळच्या कुणाला तरी सांगा आणि मदत घ्या. तुमच्या पत्रात तसं काही दिसलं नाही, पण हेच वाचणाऱ्या दुसऱ्या कुणासाठी लिहून ठेवते.

नवरा समुपदेशनाला यायला तयार नसेल तर एकट्या या. दोघांच्या नाचात एकाने पावलं बदलली की दुसऱ्याला तीच पावलं टाकत राहणं अवघड होतं. नेहमी होतं असं नाही. काही नात्यांत हाका मारून मारूनही ओ येत नाही, आणि तेव्हा पुढचा निर्णय वेगळा असतो. तो आज घ्यायचा नाही.

तुम्ही पहिल्यांदा मनातलं बोलाल तेव्हा तो बहुधा म्हणेल, ‘काय झालं आता? मी काय केलं?’ हे ऐकून तुम्हाला परत आत जावंसं वाटेल. तेवढ्या क्षणी आत जाऊ नका. ‘तू काही केलं नाहीस. मला तू हवा आहेस, एवढंच सांगत होते,’ असं म्हणा आणि गप्प राहा. त्याला उत्तर द्यायला वेळ लागेल. कदाचित त्या रात्री तो काहीच बोलणार नाही आणि दोन दिवसांनी, तुमची पाठ वळलेली असताना, उगाचच काहीतरी सांगायला येईल. पावसाबद्दल असेल, गाडीबद्दल असेल. तेव्हा हातातलं काम खाली ठेवून त्याच्याकडे वळा.